देवगिरीच्या गुप्त पोथीच्या नावाखाली पैसे उकळले जात आहेत

जी पोथी कधी कुणी लिहिलीच नाही, तिच्यापायी मिरजेच्या माझ्या मामांचे १,८०,००० रुपये गेले. मामांना विचारूनच हे लिहितोय. पोथीचं नाव मुद्दाम देत नाही. नाव दिलं की लोक शोधायला जातात आणि नेमके त्याच टोळीच्या मोबाइलवरच्या गटात पोचतात.

मामा भोळेभाबडे नाहीत. एसटीच्या वर्कशॉपात नोकरी झाली, भजनी मंडळात पेटी वाजवतात, सुराला पक्के. निवृत्तीनंतर कानात सतत ‘सूंऽ’ असा आवाज सुरू झाला. तो पूर्ण जाईलच असं नाही, सवय करून घ्या, असं डॉक्टरांनी सांगितलं. एवढं ऐकून घरी आलेला माणूस मोबाइलवर उपाय शोधणारच. तिथे मोफत ‘नादसाधना शिबिर’ सापडलं.

रचना मात्र हुशारीची होती. तेराव्या शतकात देवगिरीला यादव राजा सिंघणाच्या पदरी शार्ङ्गदेव होता आणि त्याने ‘संगीतरत्नाकर’ लिहिला, हे खरंच आहे. मामांना ते आधीपासून ठाऊक होतं. त्या खऱ्या खुंटीला पुढचं सगळं खोटं अडकवलेलं: शार्ङ्गदेवाच्या एका शिष्याने रोग हटवणारे, शत्रूला बांधणारे, पाऊस पाडणारे नाद एका गुप्त पोथीत लिहून ठेवले आणि ती पोथी शिबिर घेणाऱ्या ‘गुरुजीं’च्या घराण्यात चालत आली.

पैसे एकदम मागितले नाहीत. पहिल्या अध्यायाची दीक्षा १,१०० रुपयांना, पुढची २,१०० ला, मग ५,१००. नाद फोनवरून कानात सांगणार. तो लिहून घ्यायचा नाही, रेकॉर्ड करायचा नाही, घरात कुणाजवळ बोलायचं नाही, नाहीतर शक्ती निघून जाते. म्हणजे पुरावा उरायचा नाही आणि मामीला पत्ता लागायचा नाही. शक्ती मोठी सोयीची होती!

माझ्या मते खरा सापळा याच्या पुढे होता. कानातला आवाज कमी होईना, तेव्हा मामांनी विचारलं. उत्तर आलं, “उच्चार घसरतोय आपला. त्यात पोथीचा काय दोष?” सोबत त्वष्टा या वैदिक देवाची कथा ऐकवली. ‘इंद्रशत्रुर्वर्धस्व’ (इंद्राच्या शत्रू, वाढ) म्हणताना त्याचा स्वर चुकला, अर्थ उलटला, म्हणून इंद्राला मारण्यासाठी निर्माण केलेला वृत्र इंद्राच्याच हातून मेला. ही कथा वैदिक परंपरेत आहेच, त्यामुळे मामा गप्प झाले. चुकीचा नाद घरच्यांवर उलटतो, असा धाक घालून ‘उच्चारशुद्धी’चे वेगळे पैसे सुरू झाले. गुण आला तर पोथीचा, नाही आला तर दोष मामांचा! वेदपाठशाळेत पद, क्रम, जटा, घन अशा पाठांनी तोच मंत्र उलटसुलट घोकतात. तिथे चूक सगळ्यांसमोर पकडली जाते. इथे चूक कोणती, हे गुरुजी सोडून कुणालाच कळायचं नाही.

शेवटी ‘मूळ पोथी परदेशी संग्राहक नेतोय, ती वाचवा’ म्हणून एक लाख मागितले. मामांनी एफडी मोडली. मोडल्याचा मेसेज मामीच्या फोनवर गेला, म्हणून आम्हाला कळलं.

मग मी मामांकडून पोथीच्या एकुलत्या एका पानाचा फोटो मागून घेतला आणि संस्कृत शिकवणाऱ्या एका मैत्रिणीला दाखवला. ती हसायलाच लागली. जुन्या पोथ्यांत अक्षरं सलग लिहीत, शब्दांमध्ये अशी मोकळी जागा सोडत नसत. हातानं लिहिताना चुका होतात, त्या झाकायला वर हरताळ (पिवळा रंग) लावलेली असते. इथे खाडाखोड शून्य आणि पानभर प्रत्येक ‘अ’ हुबेहूब सारखा, म्हणजे संगणकाचा फॉन्ट. शेवटी ‘शके ११६२ विजयनाम संवत्सरे’. संवत्सरं साठ, तीच फिरून फिरून येतात. शकात १२ मिळवून ६० ने भागलं की उरलेली बाकी हा संवत्सराचा क्रमांक. ११७४ ला भागून ३४ उरतात. चौतिसावा संवत्सर शार्वरी, विजय तर सत्ताविसावा. कहर म्हणजे एका नादाची ‘५२८ कंपने प्रतिसेकंद’ अशी मोजणी दिलेली. त्या काळी आपल्याकडे वेळ मोजत ती घटका, पळे, विपळांत. विपळ म्हणजे सेकंदाचे दोन पंचमांश. त्या हिशेबाने त्या शिष्याने दर विपळाला २११.२ कंपने लिहायला हवी होती.

एवढं तपासायला जमत नसेल तर कायद्याचं विचारा. ७५ वर्षांहून जुनं, ऐतिहासिक किंवा वाङ्मयीन मोल असलेलं हस्तलिखित १९७२ च्या कायद्याने पुरावस्तू ठरतं. त्याचा व्यापार करायला परवाना लागतो आणि खासगी माणसाला ते देशाबाहेर नेता येत नाही. मामांना मी परवान्याचा क्रमांक विचारायला लावला, त्याच संध्याकाळी त्यांना गटातून काढून टाकलं.

सायबर फसवणुकीच्या १९३० या हेल्पलाइनवर तक्रार केली, पोलिस ठाण्यातही दिली. लाखातले काही पैसे एका खात्यात गोठवले गेलेत, अजून हाती आलेले नाहीत. आधीचे हप्ते वेगवेगळ्या व्यक्तींच्या यूपीआयवर गेले होते, त्यांचा माग लागणं कठीण दिसतंय. गटात असाल तर परवान्याचा प्रश्न विचारण्याआधीच सगळ्या संभाषणाचे आणि पावत्यांचे स्क्रीनशॉट घेऊन ठेवा. आमच्याकडे मामांच्या बँकेच्या नोंदी तेवढ्या आहेत, गटातले मेसेज त्या लोकांनी पुसून टाकले.