हाफटाईमला आवाज वाढवणारी मालवणची खानावळ

मालवणात बंदराकडे जाताना एक छोटी खानावळ लागते, सहाच टेबलं, पण शनिवारी रात्री तिथे मासे आणि इंग्लंडचा फुटबॉल दोन्ही मिळतं. बाकी सगळीकडे हाफटाईम झाला की आवाज बंद करून गाणी लावतात, इथे काका प्लास्टिकच्या पिशवीत रबर लावून ठेवलेला रिमोट उचलतात आणि आवाज वाढवतात. "बसा रे, आता काय बोलतत ता ऐका."

काका पूर्वी बोटीवर होते, इंग्लंडला बोट लागली की शनिवारी रात्री टीव्हीवर जिमी हिलला बघायचे, तो लांब हनुवटीवाला. त्याच्याबद्दल एकदा बोलायला लागले की ऐकतच राहावं असं सांगतात. फुलहॅम क्लबचा खेळाडू, मग खेळाडूंच्या युनियनचा चेअरमन, आठवड्याला 20 पौंडांच्या वर पगार द्यायचा नाही हा नियम 1961 ला यानेच लढून उठवला, त्याच वर्षी कोव्हेंट्री क्लबचा मॅनेजर झाला, टीम तिसऱ्या डिव्हिजनमध्ये पडलेली, तिला आकाशी ड्रेस दिला, सपोर्टर लोकांसाठी स्पेशल ट्रेन सोडल्या आणि 1967 ला पहिल्या, म्हणजे सगळ्यात वरच्या डिव्हिजनमध्ये नेऊन ठेवली. आणि वर आल्या आल्या मॅनेजरकी सोडून टीव्हीत! 1970 च्या वर्ल्डकपला आयटीव्ही या तिथल्या चॅनेलने चार फुटबॉलवाल्यांना स्टुडिओत बसवून वाद घालायला लावले त्यामागे हाच होता, 1973 ला बीबीसीत गेला. आज मॅचआधी नि हाफटाईमला जी चर्चा आपण बघतो ती तिथून रुजली, म्हणून तिचा आवाज बंद करायचा नाही हे काकांचं म्हणणं मला शंभर टक्के पटतं.

जिंकल्यावर दोनऐवजी तीन पॉइंट हेही त्याचंच डोकं. 1981 ला इंग्लंडने घेतलं, वर्ल्डकपला यायला 1994 उजाडलं. काकांनी मला बिलाच्या मागे मांडून दाखवलं, तीन ड्रॉ म्हणजे तीन पॉइंट, एक जिंकून दोन हरलो तर पूर्वी दोनच, आता तीन, मग जिंकायला कोण नाही धावणार!

जेवण मस्तच, सुरमई रव्यात एकदम कडक, सोलकढी दाट. बांगड्याच्या तिखल्यात एकदा तिरफळं फारच झालेली. वाढायला एकच मुलगा, मॅच सुरू झाली की भाकरीला वेळ लागतो, म्हणून आधीच मागवा. आणि पावसात टीव्हीची डिश जाते.

साडेसातची मॅच ऑक्टोबर संपला की इंग्लंडची घड्याळं तासभर मागे जातात म्हणून आपल्याकडे साडेआठला असते, त्या हिशोबाने निघा. गेलात तर 1972 ची गोष्ट नक्की विचारा, आर्सेनल-लिव्हरपूल मॅचला लाईन्समन, म्हणजे बाजूच्या रेषेवर झेंडा घेऊन उभा राहणारा रेफरीचा मदतनीस, जखमी झाला आणि मॅच बघायला आलेला हिल, रेफरीची परीक्षा पास झालेला, खाली उतरून लाईनवर उभा राहिला, तो झेंडा कसा धरायचा ते काका टेबल पुसायचं फडकं हातात घेऊन दाखवतात.