वाइन रॅक घरात आणून नऊ महिने झाले, त्याचा अनुभव

आधीच सांगते, आमच्या घरात वाइन कोणी पीत नाही. नाशिकमध्ये राहून म्हटल्यावर लोक हसतात, पाहुणे आले की त्यांना गंगापूर धरणाकडची सुला वाइनरी दाखवायला नेतो, तिथे आम्ही आपले पिझ्झा खाऊन येतो. तर फेब्रुवारीत गंगापूर रोडला एका दुकानाचं फर्निचर काढायचं चाललं होतं, बाहेर फुटपाथवर हा रॅक पडलेला, पाइनचं लाकूड आणि मधे पत्र्याच्या पट्ट्या, सहा उभे चार आडवे असे २४ खण, चौदाशेला मिळाला. मला तो बघताक्षणीच आवडला, कशासाठी ते नंतर ठरवू म्हटलं. हीच चूक.

घरी आल्यावर सासूबाईंचा पहिला प्रश्न, "हे दारूचं फडताळ देवघरासमोर ठेवणार का?" म्हटलं आई नाही, दारापाशी ठेवते. त्या काही बोलल्या नाहीत पण दोन दिवस त्याच्याकडे बघितलंही नाही.

आता मापाचं, कारण सगळं तिथेच अडतं. वाइनची ७५० मिलीची बाटली साधारण तीन इंच जाड आणि फूटभर लांब असते, म्हणून खण चार इंचाचा चौकोन आणि खोली नऊ-दहा इंच, बाटलीची मान बाहेर राहते. आणि मेन गोष्ट म्हणजे खणाला तळच नसतो! पुढे एक दांडी, मागे एक दांडी, त्यावर बाटली टेकते, मधे सगळं मोकळं. दुकानात हे लक्षातच आलं नाही. पहिल्या दिवशी हौसेने चाव्या, सेलोटेप, चार्जर असं काय काय ठेवलं आणि सगळं एकेक करून खालच्या खणात, मग त्याच्या खालच्या खणात, असं करत करत जमिनीवर. नॅपकिन गुंडाळून ठेवले तर ते मधे पोट सुटल्यासारखे लोंबायचे.

मग म्हटलं बाटलीचाच रॅक आहे ना, पाण्याच्या बाटल्या ठेवू. तांब्याची ठेवली, स्टीलच्या दोन ठेवल्या. रात्री पाणी पिऊन कोणीतरी झाकण अर्धवट लावलं आणि सकाळी खाली तळं. तेलाची बाटली ठेवायची अक्कल मीच लढवली होती, त्याबद्दल जास्त लिहीत नाही, पुसायला अर्धा दिवस गेला. वाइनची बाटली आडवी ठेवतात ती बूच ओलं राहावं म्हणून, वाळलं की आकसतं आणि हवा आत जाते. आपल्या बाटल्यांची झाकणं आडवं पडायला बनवलेलीच नसतात, हे मला तेलाने शिकवलं.

मार्च महिनाभर तो नुसता पडून होता, वरती कुरिअरची पाकिटं. मिस्टर म्हणाले ओएलएक्सवर टाक. एप्रिलमध्ये दिंडोरीला माझ्या बहिणीच्या सासरी गेलो, त्यांची द्राक्षबाग आहे, खरड छाटणी चालू होती त्यामुळे कोणाला बोलायला वेळ नाही, मी आपली शेडमध्ये फिरत होते तर तिथे ठिबकच्या मेन लाइनचा उरलेला पीव्हीसी पाईप दिसला. ९० एमएमचा. म्हणजे साडेतीन इंच. माझा खण चार इंच, म्हणजे तुकडा आत सरकवला की खणाला तळ मिळणार! भाऊजींना म्हटलं हा घेऊ का, ते म्हणाले अख्खा न्या, उंदरांनाच घर झालंय ते. सहा मीटरचा पाईप ॲक्टिव्हावर कसा आणणार, म्हणून तिथेच हॅकसॉने दहा-दहा इंचाचे तुकडे पाडले. पहिले चार तिरके गेले, मग भाऊजींनी पाईपला कागद गुंडाळून त्याच्या कडेने खूण करायला सांगितलं तेव्हा सरळ यायला लागले. सहा मीटरमधून २३ तुकडे निघाले. २४ खण, २३ पाईप.

कापलेल्या कडा धारदार असतात, १२० नंबरच्या पॉलिश पेपरने घासल्याच पाहिजेत, नाहीतर हात कापतो. रंगाचं मात्र माझं फसलं, घरात उरलेला ऑइल पेंट मारला तो आठवड्यात कातडीसारखा सोलून निघाला. दुसऱ्यांदा आधी सगळीकडून खरखरीत घासून प्रायमर मारला, वरून स्प्रे, तो अजून टिकलाय. तोंडाशी जुन्या सुती साड्यांचे काठ चिकटवले, फेव्हिकॉल पीव्हीसीला धरत नाही, फेव्हीबाँड लागतो. हे काठ लावल्यावर त्याचं ते दुकानातलं रूप एकदम गेलं, आता कोणी वाइन रॅक म्हणून ओळखत नाही, शेजारच्या काकूंना तर ते कबुतरांसाठी केलंय असं वाटलं होतं.

आणि त्यानंतर खरंच भारी वापर सुरू झाला. तीन घडीची छत्री खणात अशी बसते की जणू तिच्यासाठीच केलीये, फक्त वाळवून ठेवा. चार्जर आणि केबल एका खणात एकच, गुंता संपला. मुलीचे चार्ट पेपर, लोकरीचे गुंडे, बॅटरी, गुंडाळलेल्या ओढण्या. बांगड्या ठेवून बघितल्या, दिसतात सुंदर पण मागची हवी असेल तर सगळी रांग बाहेर घरंगळते. वर्तमानपत्र गुंडाळून ठेवलं तर वाचताना सारखं वळतं, सोडून दिलं. सगळ्यात फिट बसले ते उदबत्तीचे पुडे, आणि ते ठेवले कोणी? आईंनी! मे महिन्यात एक दिवस बघते तर वरच्या रांगेत उदबत्ती, फुलवाती, कापूर, आणि शेवटच्या खणात दोन लाटणी. मी काही बोलले नाही, त्याही बोलल्या नाहीत.

तक्रारी आहेत. पावसाळ्यात दारापाशी ओल येते, जुलैमध्ये मागच्या बाजूने पांढरी बुरशी धरली आणि पट्ट्यांचे खिळे गंजले. पुसून, गच्चीत उन्ह मिळेल तसं वाळवून वॉर्निशचे दोन हात दिले, तेव्हापासून नाही, पण हे आणल्या आणल्या करायला हवं होतं. धूळ हा दुसरा त्रास, प्रत्येक नळीत वेगळा हात घालायचा, मी बाटली घासायचा ब्रश ठेवलाय. एकदा आतून पाल निघाली, त्या दिवशी मला विकायची इच्छा झाली होती.

भिंतीला टांगायचा विचार असेल तर जपून. आमच्या बिल्डिंगच्या भिंती सिपोरेक्सच्या, म्हणजे हलक्या सच्छिद्र सिमेंट ब्लॉकच्या आहेत, साधा प्लग आणि स्क्रू तिथे हाताने उपटून आला. रॅकमध्ये दम आहे, भरलेली बाटली सव्वा किलोच्या आसपास, तशा चोवीस म्हणजे तीस किलो पेलायला तो बनवलाय, प्रश्न भिंतीचा आहे. शेवटी चपलांच्या स्टँडवर ठेवून मागे एल-क्लॅम्पने अडकवला, कारण भाच्याने शिडी समजून चढायचा प्रयत्न केला होता. घरात लहान मूल असेल तर क्लॅम्पशिवाय ठेवूच नका.

दिवाळीत मागून एलईडीची माळ सोडली, तेवीस गोल चांदण्या दिसत होत्या, फोटो भरपूर काढले. खऱ्या पणत्या ठेवायचा मोह झाला होता पण प्लॅस्टिक आणि लाकूड, नको.

आणि तो चोविसावा खण, पाईप कमी पडलेला, तो तसाच उघडा आहे. दिवाळीला मिस्टरांच्या मित्राने वाइनची बाटली दिली, ती एकटी तिथे आडवी पडलीये. आईंनी तिच्यावर नॅपकिन टाकलाय.