सदस्यता संपल्यावर गेमचे काय होते : दोन वर्षे पैसे भरून आणि सात महिने न भरता आलेला अनुभव

17 मे 2025 च्या संध्याकाळी आमच्या मानेवाडा भागातली वीज सव्वा तास गेली होती. ती परत आल्यावर कन्सोल (टीव्हीवर गेम खेळायचे यंत्र) सुरू केला, तर माझ्या शेतीच्या गेमच्या चित्रावर खालच्या कोपऱ्यात एक लहानसे कुलूप दिसले. वीज अचानक गेल्यामुळे आतले काहीतरी बिघडले असावे, असा माझा पहिला समज झाला. नागपुरात मे महिन्यात बिघडलेल्या प्रत्येक वस्तूचे खापर आपण विजेवर फोडतो आणि बहुतेक वेळा ते बरोबरच ठरते. म्हणून मी स्टॅबिलायझर तपासला, कन्सोल पूर्ण थंड होऊ दिला, कूलरची हवा त्याच्यावर येणार नाही अशा जागी तो हलवला आणि पुन्हा सुरू केला. कुलूप जागेवरच होते. शेवटी अकरावीतल्या मुलाने पडद्याकडे एकदा पाहिले आणि विचारले, "आई, बँकेचं कार्ड बदललं तं तू तिथे नवीन टाकलं का?"

टाकले नव्हते. जुन्या कार्डाची मुदत एप्रिलमध्ये संपली, नवे घरी आले, आणि शेतीचा गेम ज्या सदस्यतेवर चालत होता तिच्या वार्षिक वर्गणीची आपोआप कपात होण्याची परवानगी जुन्या कार्डावरच राहिली. रिझर्व्ह बँकेच्या नियमाप्रमाणे अशा कपातीच्या किमान 24 तास आधी बँकेकडून सूचना यावी लागते. गेल्या वर्षी ती आली होती, म्हणून यंदाही येईल असे मी गृहीत धरले होते. पण कार्डच बंद झाल्यामुळे कपात नाही आणि सूचनाही नाही. कंपनीचा ई-मेल आला होता, मात्र तो जाहिरातींच्या ढिगात पडून राहिला. म्हणजे सदस्यता संपली ती माझ्या ढिलाईने. हे आधीच सांगते, कारण पुढे मी बरीच चिडलेली दिसेन.

कन्सोल आणि सेवा कुठल्या कंपनीची, हे मुद्दाम लिहीत नाही. नाव लिहिले की वाचणारे लगेच दोन पक्षांत वाटले जातात आणि मूळ मुद्दा बाजूला राहतो. मधल्या दर्जाची, दर महिन्याला दोन-चार गेम देणारी आणि शिवाय मोठा कॅटलॉग, म्हणजे सदस्यांना खेळता येणाऱ्या गेमचा संग्रह, उघडून देणारी सदस्यता मी मे 2023 मध्ये घेतली. दुसऱ्या वर्षी वर्गणी वाढली. दोन वर्षांचे मिळून सुमारे बारा हजार रुपये गेले. मी लेखा विभागात नोकरी करत असल्यामुळे घरात एक वही आहे आणि त्या वहीत गेमचेही पान आहे. त्या पानानुसार आम्ही मायलेकांनी 31 गेम उघडले, 9 पूर्ण केले, आणि एकट्या माझ्या शेतीच्या गेमवर 212 तास गेले.

हे 212 तास वाचून हसणाऱ्यांनी एवढे समजून घ्यावे की संध्याकाळी स्वयंपाक आटोपल्यावर, मुलगा अभ्यासाला बसला की, पाऊण तास मी त्या शेतावर असते. तिथे मी संत्र्याची बाग लावली आहे. माझ्या माहेरी काटोलकडे खरी बाग होती, ती विकली गेली. एवढे सांगणे पुरे आहे.

कुलूप पडल्यावर मी कंपनीच्या मदत-कक्षाशी चॅटवर बोलले. पलीकडच्या गृहस्थांनी माझे म्हणणे पूर्ण वाचण्यापूर्वीच पहिला उपाय सुचवला, तो म्हणजे कन्सोल मूळ स्थितीत आणण्याचा, अर्थात आतले सगळे पुसून नव्याने सुरुवात करण्याचा. मी बोट बटनावर ठेवले होते. मुलाने हात धरला म्हणून वाचले. सदस्यता चालू असताना प्रगतीची, म्हणजे सेव्हची, एक प्रत क्लाउडवर, म्हणजे इंटरनेटवरून कंपनीच्या सर्व्हरवर, जात होती खरी. पण सदस्यता संपल्यामुळे ती प्रत खाली उतरवण्याचे दारही बंद झाले होते. उरली होती फक्त कन्सोलमधली प्रत. ती मी स्वतःच्या हाताने पुसली असती आणि 212 तास गेले असते, तेही ज्यांच्याकडे मदत मागितली त्यांच्या सांगण्यावरून.

त्यानंतर पंधरा दिवस मी दुसरे काही केले नाही, फक्त या सेव्हचे नियम वाचत बसले. आधीच का वाचले नाहीत, असे घरच्यांनी विचारले. त्याला उत्तर नाही. प्रत्येक ठिकाणी नियम वेगळा आहे. प्लेस्टेशन कन्सोलच्या प्लेस्टेशन प्लस या सेवेत सदस्यता संपल्यानंतर क्लाउडवरच्या सेव्ह सहा महिने ठेवल्या जातात. निन्टेन्डोच्या कन्सोलसाठी असलेल्या स्विच ऑनलाइन या सेवेत ही मुदत 180 दिवसांची आहे. मायक्रोसॉफ्टच्या एक्सबॉक्स कन्सोलवर आणि संगणकाचे गेम विकणाऱ्या स्टीमवर सेव्हची क्लाउड प्रत सदस्यतेला बांधलेलीच नाही, ती खात्याबरोबर फुकट मिळते. शिवाय प्लेस्टेशन 4 च्या गेमची सेव्ह पेनड्राइव्हवर काढून ठेवता येते. प्लेस्टेशन 5 च्या गेमची एकेक सेव्ह तशी वेगळी काढता येत नाही. स्वतःच्या कष्टाची वही स्वतःच्या कपाटात ठेवायची सोय नसावी, हे मला अजून पचलेले नाही. गेम कंपनीचा, हे मान्य. पण त्या बागेतले प्रत्येक झाड मी लावलेले आहे.

आता ज्या गोष्टीसाठी हा अनुभव लिहायला घेतला, तिच्याकडे येते. कुलूप पडण्याआधीच्या दिवाळीत त्या शेतीच्या गेमसाठी मी 649 रुपयांची एक डीएलसी, म्हणजे मूळ गेमला जोडायचा वेगळा विकत मिळणारा भाग, घेतली होती : नवा प्रदेश, दोन नवी जनावरे आणि ओलिताची यंत्रे. डीएलसी कॅटलॉगमध्ये नव्हती, तिचे पैसे वेगळे मोजले, तिची पावती माझ्याकडे आहे. कुलूप पडलेल्या गेमच्या पानावर खाली तेव्हाही त्या डीएलसीसमोर "खरेदी केलेले" अशी खूण दिसत होती आणि त्याच पानावर वर कुलूप होते. खूण हिरवी, कुलूप पिवळे. मूळ गेम उघडत नाही म्हणून डीएलसी उघडत नाही, आणि मूळ गेम माझा नाही म्हणून डीएलसी माझी असूनही उपयोगाची नाही.

आमच्याकडे शिकायला आलेली मुले उन्हाळ्यापुरता कूलर भाड्याने घेतात. एका वर्षी आमच्या वरच्या मजल्यावरच्या मुलांनी भाड्याच्या कूलरला स्वतःच्या पैशाने नव्या खसच्या ताट्या बसवून घेतल्या. जूनमध्ये कूलरवाला कूलर घेऊन गेला आणि ताट्या जिन्यात उभ्या राहिल्या. त्या मुलांना तेव्हा मी शहाणपणाचे चार शब्द सुनावले होते, आणि आता माझ्या 649 रुपयांच्या ताट्या जिन्यात उभ्या होत्या. मी मदत-कक्षाला तीन वेळा लिहिले की एकतर डीएलसीचे पैसे परत करा, नाहीतर विकत घेतानाच मोठ्या अक्षरात सांगा की मूळ गेम भाड्याचा असताना ही वस्तू घेणे व्यर्थ ठरू शकते. तिन्ही वेळा अटींमधला एकच परिच्छेद उत्तरादाखल आला. बारा हजारांबद्दल मी एक ओळही लिहिली नव्हती आणि 649 साठी भांडत होते, हे घरात आमच्या ह्यांनी मला दाखवून दिले. त्यांचे म्हणणे हिशेबाने बरोबर आहे. तरीही बारा हजारांत मी वापर विकत घेतला होता आणि तो मिळाला. 649 मध्ये वस्तू घेतली होती आणि ती कुलपाआड होती.

जूनच्या शेवटी माझे मत थोडे बदलले, तेही वहीमुळेच. दोघांचे मिळून 600 च्या वर तास भरले होते, म्हणजे तासाला वीस रुपयांहून कमी. एवढ्यात सीताबर्डीवर एक वेळची पार्किंग आणि अर्धी प्लेट तर्री पोहे होतात. शिवाय त्या 31 गेमपैकी 20 मी कधीच विकत घेतले नसते आणि घेतले असते तर पश्चात्ताप झाला असता. चाखून पाहण्यासाठी सदस्यता ही उत्तम सोय आहे, हे मी तेव्हा वहीत लिहून ठेवले आणि अजूनही मला ते मान्य आहे.

सदस्यता संपल्यावर बाकी काय राहते, तेही या निमित्ताने नीट कळले. दर महिन्याला "फुकट" म्हणून मिळणारे गेम खात्यात दिसत राहतात, पण सदस्यता चालू असेल तोवरच चालतात. मध्ये खंड पडून पुन्हा वर्गणी भरली तर ते सगळे परत उघडतात. म्हणून नवा महिना लागला की खेळायचे नसले तरी ते खात्यात जमा करून ठेवावेत. मी आळसाने चार महिने केले नाही आणि ते गेम कायमचे हुकले. कॅटलॉगमधल्या गेमचे तसे नसते : तो गेम कॅटलॉगमधून काढला, तर वर्गणी चालू असणाऱ्यालाही कुलूप दिसते. सदस्य म्हणून सवलतीत विकत घेतलेले गेम मात्र सदस्यता गेल्यावरही चालतात. माझे असे तीन आहेत आणि तिन्ही व्यवस्थित आहेत. गेममध्ये टप्पे गाठल्यावर मिळालेल्या ट्रॉफी राहतात. मित्रांसोबत ऑनलाइन खेळणे बंद होते, फोर्टनाइटसारखे मुळातच मोफत असलेले गेम सोडून. त्यामुळे मुलाची फुटबॉलची मंडळी तुटली आणि काही दिवस घरात तो माझ्याशी नुसते हो-नाही करत होता. एक्सबॉक्सची सदस्यांना दर महिन्याला गेम देणारी गेम्स विथ गोल्ड ही योजना 2013 ते 2023 चालली. तिच्यातून घेतलेले जुन्या एक्सबॉक्स 360 चे गेम सदस्यता संपल्यावरही त्या त्या खात्याचेच राहिले, त्यानंतरच्या एक्सबॉक्स वनचे मात्र सदस्यतेला बांधलेले होते. म्हणजे एकाच योजनेत दोन न्याय. आधी देऊन टाकणे परवडत होते आणि पुढे परवडेनासे झाले, एवढाच अर्थ मी त्यातून काढला.

सप्टेंबरमध्ये सीताबर्डीवर एका कामासाठी गेले असताना जुन्या गेमच्या डिस्क विकणाऱ्या दुकानात सहज डोकावले. माझा शेतीचा गेम तिथे होता, वापरलेला, 1,100 रुपये. कव्हरला चीर, डिस्क स्वच्छ. दुकानदाराला मी दोन प्रश्न विचारले : माझी जुनी सेव्ह या डिस्कवर चालेल का, आणि माझी डीएलसी. त्याने खांदे उडवले आणि म्हणाला, "घेऊन जा ना ताई, नाही चालली तं वापस करून द्या. पण डिस्क बाहेरदेशची असली तर डीएलसी घोटाळा करते, ही इकडचीच आहे." प्रदेशाचा हा मुद्दा खरा आहे. डिस्क एका प्रदेशाची आणि खाते दुसऱ्या प्रदेशाचे असेल, तर डीएलसी ओळखली जात नाही, असे पुष्कळदा होते. वापरलेली डिस्क घेणाऱ्याने मागच्या बाजूचा छापील मजकूर वाचूनच पैसे द्यावेत.

घरी येऊन डिस्क घातली. गेमची थोडी वाढीव माहिती इंटरनेटवरून उतरवून घ्यायला चाळीस मिनिटे लागली. मग चित्रावरचे कुलूप गेले. गेम उघडला, "पुढे सुरू करा" हा पर्याय दिसला, त्याखाली शेवटची तारीख 16 मे होती. मी शेतावर उभी राहिले, गेममध्ये हिवाळ्याचा अकरावा दिवस चालू होता, आणि बाग तशीच होती. डीएलसीचा नवा प्रदेशही उघडला. तीन वेळा भांडून जे झाले नाही ते 1,100 रुपयांच्या डिस्कने झाले, याचा मला आनंदही झाला आणि रागही आला. आनंद अधिक झाला.

यावर मुलाने सुनावले की विकत घेतलेलेही सगळे आपले नसतेच. ते खरे आहे. स्टीमवर ऑक्टोबर 2024 पासून पैसे भरण्यापूर्वीच सूचना दिसते की तुम्ही वस्तू नव्हे तर परवाना घेत आहात. कॅलिफोर्नियात जानेवारी 2025 पासून लागू झालेल्या कायद्याच्या तोंडावर ती आली. युबिसॉफ्टच्या द क्रू या 2014 च्या गाड्यांच्या गेमचे सर्व्हर 31 मार्च 2024 रोजी बंद झाले, तेव्हा ज्यांच्याकडे डिस्क होती त्यांचीही डिस्क निरुपयोगी झाली, कारण तो गेम सर्व्हरशिवाय चालतच नव्हता. गूगलने इंटरनेटवरून गेम खेळवणारी स्टेडिया ही सेवा 18 जानेवारी 2023 रोजी बंद केली, तेव्हा विकत घेतलेल्या गेमचे पैसे परत दिले, स्टेडिया प्रो या सदस्यतेच्या वर्गणीचे दिले नाहीत. भाडे ते भाडे, हे तिथे निदान स्पष्ट होते. माझा शेतीचा गेम नेटशिवाय चालतो, हे मी केबल काढून दोनदा पाहून घेतले आहे.

दिवाळीत मुलाच्या आग्रहाने एका महिन्याची वर्गणी भरली, सर्वांत खालच्या दर्जाची, ऑनलाइन फुटबॉलपुरती. पैसे भरल्यावर दहाव्या मिनिटाला आपोआप नूतनीकरण बंद केले; तसे केले तरी भरलेला महिना पूर्ण मिळतो. जुने महिन्याचे गेम सगळे परत उघडले, महिन्याने पुन्हा कुलूपबंद झाले, आणि या वेळी कुणी स्टॅबिलायझर तपासला नाही. वार्षिक सदस्यता आता घेणार नाही. उन्हाळ्याच्या सुट्टीत दोन महिने घ्यायची, तेवढ्यात कॅटलॉग चाखायचा आणि जो गेम वीस तासांच्या वर जाईल त्याची डिस्क शोधायची, असे ठरले आहे. भाड्याच्या गेमवर डीएलसी घ्यायची नाही, हे वहीच्या त्या पानावर लाल शाईने लिहिले आहे. डिस्कवाला माझी शेतीच्या गेमची डिस्क मार्चपर्यंत 700 रुपयांत परत घ्यायला तयार आहे. गेल्या आठवड्यात त्याने फोन करून विचारले. मी त्याला सांगितले की अजून संत्र्याचा मृग बहार यायचा आहे.