गार्ब्रो की अनआरपीए?
व्हिज्युअल नॉव्हेलमधली (चित्रं आणि मजकुरातून गोष्ट सांगणारा गेम) चित्रं, आवाज काढायचेत तर ही दोन टूल्स आहेत, कुठलं घ्यायचं त्यासाठी आधी गेमच्या फोल्डरमध्ये आर्काइव्हचं, म्हणजे सगळं एकत्र बांधलेल्या फाइलचं, एक्सटेन्शन बघा. .आरपीए दिसलं की गेम रेनपाय इंजिनवर (गेम बनवायचं सॉफ्टवेअर) बनलेला, मग अनआरपीए पुरे, पायथनचं छोटं कमांड लाइन टूल, एक ओळ टाइप केली की सगळ्या फाइल्स बाहेर, लिनक्सवर पण चालतं. बाकी इंजिनांसमोर मात्र ते गप्प. .एक्सपी३ म्हणजे किरिकिरी इंजिन, तिथे विंडोजवालं गार्ब्रो घ्या, आर्काइव्ह डबलक्लिक करून उघडलं की चित्र आतच बघता येतं, आवडलं तर पीएनजी करून घ्या, फक्त आर्काइव्ह एन्क्रिप्टेड असेल तर यादीतून गेमचं नाव निवडावं लागतं आणि चुकीचं निवडलं की नुसता कचरा निघतो (मग टूलला शिव्या नका देऊ). आरपीए गार्ब्रोपण उघडतं म्हणा, तरी ढीगभर फाइल्स एकदम काढायच्या तर मला कमांडच बरी वाटते.