मित्र अडचणीत आहे: मेसेज, कॉल की व्हिडिओ?

मित्राची नोकरी गेलीय, घरात कुणी सिरीयस आहे किंवा कुणी गेलंय आणि आपण लांब. अशा वेळी मी एकच बघतो, उत्तर द्यायला त्याला किती कष्ट पडणार.

त्या हिशोबाने साधा मेसेज बेस्ट. दवाखान्यात बसलेला माणूस तो रात्री दोनलाही वाचतो आणि जमेल तेव्हा उत्तर देतो. फक्त ते "काही लागलं तर सांग" नको, कारण काय लागतंय ते शोधायचं कामही मग त्याच्याच गळ्यात पडतं. त्यापेक्षा "क्लेमचे फॉर्म मी भरतो, कागदांचे फोटो टाक, रिप्लाय नंतर दिलास तरी चालेल" असं लिहा, हे खरंच कामाला येतं.

व्हॉइस नोटमध्ये आवाजातली माया पोचते, पण मिनिटभरात आटपा, पाच मिनिटांचं प्रवचन कोण ऐकणार! आणि एक गंमत, व्हॉट्सअ‍ॅपवर ब्लू टिक बंद केली तरी व्हॉइस नोट ऐकल्याचं समोरच्याला कळतंच, त्यामुळे ऐकली म्हणजे आता बोलावं लागणार असं प्रेशर त्याच्यावर येतं. "उत्तराची घाई नाही" हे सुरुवातीलाच बोलून टाका.

कॉलला आपण उगाच घाबरतो. अमित कुमार आणि निकोलस एप्ली या संशोधकांचा 2021 चा अभ्यास आहे, त्यात जुन्या ओळखीच्या माणसाशी फोनवर बोलणं ऑकवर्ड होईल असं लोकांना वाटत होतं, प्रत्यक्षात तसं काही झालं नाही, उलट ईमेलपेक्षा जास्त जवळीक वाटली. म्हणून केवळ ऑकवर्ड होईल या भीतीने कॉल टाळत असाल तर कॉलच करा, फक्त आधी "आठला करू का, दहा मिनिटं?" एवढं विचारून.

व्हिडिओ माझ्या यादीत शेवटी. रडून सुजलेले डोळे, पसरलेलं घर, आणि वर स्क्रीनवर सतत स्वतःचाच चेहरा बघायचा. स्टॅनफर्डच्या जेरेमी बेलेन्सन यांनी व्हिडिओ कॉलच्या थकव्याची जी कारणं सांगितलीत त्यात हे सतत स्वतःला बघणंही आहे. मित्र साइन लँग्वेज वापरत असेल तर गोष्ट वेगळी, तिथे व्हिडिओच पहिला. किंवा त्याने स्वतःहून "दिस की जरा" म्हटलं तर.

ग्रुप कामं वाटून घ्यायला झकास, मनातलं बोलायला बेकार. वीस जणांचे हात जोडलेले इमोजी बघून कुणाला धीर आलाय? तिथे एकानेच अपडेट टाकायची ठरवा म्हणजे तीच कहाणी त्या बिचाऱ्याला प्रत्येकाला सांगत बसायला नको.

आणि मेसेजमध्ये "आता जगून काय करू" असलं काही दिसलं तर ही सगळी तुलना बाजूला ठेवा, वेळ न विचारता लगेच कॉल लावा, जीव द्यायचा विचार येतोय का ते सरळ विचारा, आणि फोन चालू असतानाच त्याच्या जवळ राहणाऱ्या कुणाला तरी तिकडे पाठवा.