बीटा हाउस: चावटपणा भरपूर, फजिती कमी

'अमेरिकन पाय' या चावट विनोदी चित्रपटांच्या मालिकेतल्या, थिएटरऐवजी थेट डीव्हीडीवर आलेल्या चित्रपटांपैकी 'बीटा हाउस' (2007) हा तिसरा. तो एकदम पाहायला घेऊ नका. एरिक स्टिफलर आणि त्याचा मित्र कूझ 2006च्या 'नेकेड माइल'मधून इथे येतात. तिथे ज्या ट्रेसीसाठी एरिकचा सगळा जीव तुटत होता, ती इथे सुरुवातीलाच त्याला सोडून गेलेली असते. आधीचा भाग पाहिलेल्याला हे फार लागतं, कारण दीड तासाची कमाई दोन वाक्यांत उडवून लावली आहे.

गोष्ट साधी आहे. कॉलेजात दोन फ्रॅटर्निटी, म्हणजे ग्रीक अक्षरांची नावं लावून एका घरात राहणाऱ्या मुलांची मंडळं. एका बाजूला एरिकच्या चुलतभावाचं, ड्वाइट स्टिफलरचं बीटा, दुसऱ्या बाजूला एडगरचे पैसेवाले गीक, म्हणजे पुस्तकं-संगणकांत बुडालेली पोरं. 1984च्या 'रिव्हेंज ऑफ द नर्ड्स'मध्ये हुशार, चिडवली जाणारी पोरं नायक होती. इथे तीच खलनायक. कल्पना चांगली आहे. पण एडगरला एकही खरा डाव दिलेला नाही, त्यामुळे शेवटच्या ग्रीक ऑलिम्पियाडमध्ये, म्हणजे दोन मंडळांच्या स्पर्धेत, कोण जिंकणार याची धाकधूक वाटतच नाही.

मुख्य बिघाड मात्र दुसरीकडे आहे. चावट विनोदाला फजिती लागते आणि फजितीला बघणारा लागतो. 1999च्या मूळ चित्रपटात 'पाय' या गोड पदार्थाशी तरुण जिमच्या चाळ्यांचा प्रसंग हसवतो तो जिमचे वडील दारात उभे राहतात म्हणून. युजीन लेव्हीचा तो गोंधळलेला, तरी मायाळू चेहरा म्हणजे त्या विनोदाचा अर्धा भाग. 'बीटा हाउस'मध्ये लेव्ही आहेत, पण जुने बीटा सदस्य म्हणून स्पर्धेची सूत्रं सांभाळायला. लाजणारा माणूसच मौजेत सामील झाला, मग लाज कोणाची वाटायची? ड्वाइटला तर कशाचीच वाटत नाही. स्टीव्ह टॅलीने त्याला जोर छान दिलाय, पण निर्लज्ज माणसाची फजिती होत नाही.

फ्रॅटर्निटीवरचाच 1978चा 'अ‍ॅनिमल हाउस' याच कारणासाठी आजही टिकतो. डीन वर्मर मुलांना खरोखर कॉलेजबाहेर काढायला निघालेला असतो. एल्मर बर्नस्टाइनचं संगीतही गंभीर नाटकाला द्यावं तसं आहे. ते स्वतः विनोद करायला जात नाही, म्हणून पडद्यावरचा दंगा दुप्पट हसवतो. 'बीटा हाउस'मध्ये पार्टीची गाणी एकामागून एक येतात आणि प्रसंगाला श्वास घ्यायला जागा देत नाहीत.

डीव्हीडीवरच्या 'अनरेटेड' शिक्क्याला भुलू नका. त्याचा अर्थ एवढाच की ही आवृत्ती रेटिंग मंडळाकडून प्रमाणित केलेली नाही. उघडेपणा पुष्कळ आहे, तेव्हा घरच्यांसोबत लावायचा हा चित्रपट नव्हे. वेळ एकाच भागापुरता असेल तर 'नेकेड माइल' घ्या. तिथे एरिकला निदान लाज वाटते.