मुलीचं नाव: चंदेरी की मखमल?

बहिणीच्या मुलीचं बारसं तोंडावर आलंय आणि आईबाबा दोन शब्दांत अडकलेत. दोन्ही शब्द मला मनापासून आवडतात.

अर्थ: मखमल म्हणजे स्पर्श, मऊपणा. चंदेरीत चांदीची झळाळी, मध्य प्रदेशातल्या चंदेरी गावची तलम साडी आणि बदलापूरजवळचा चंदेरी किल्लाही. मराठीत सिनेसृष्टीला ‘चंदेरी दुनिया’ म्हणतात, तेव्हा झगमगाट आपोआप येतो.

उच्चार: इथे मखमल मागे पडते. परदेशात ‘ख’चा ‘क’ होणार. शिवाय शेवटच्या ‘मल’वरून वर्गात चिडवतील, ही भीती मला खरी वाटते. चंदेरीचं फार तर ‘चंदू’ होईल.

ओळख: चंदेरी ईकारान्त, मुलीचं नाव हे ऐकताच कळतं. मखमलबाबत विचारणा होत राहील.

घाई मात्र नको. जन्मनोंदणीनंतर १२ महिन्यांपर्यंत नाव विनाशुल्क नोंदवता येतं. तोवर दोन्ही नावांनी हाक मारून पाहा.

परदेशी राहणार असाल किंवा आडनाव लांबलचक असेल, तर चंदेरी. घरात लाडाचं, मऊ नाव हवं असेल, तर मखमल. पण कागदावर चंदेरीच ठेवा.